चित्रपटातील घर आणि साहेबमामा फत्तेलाल

चित्रपट पाहून परतणारा प्रेक्षक नटनटींची नावे घेतो, एखादे गीत गुणगुणतो, आणि कथेत विशेष रस असल्यास लेखकाची चौकशी करतो. परंतु ज्या घरात ती कथा घडली ते घर कोणी उभारले, ही शंका त्याच्या मनाला सहसा शिवत नाही. घर पूर्वीपासून तेथे होतेच आणि नट त्यात जाऊन राहिले, अशी त्याची नकळत समजूत झालेली असते. एका अर्थी ही समजूत म्हणजे ते घर उभारणाऱ्या कलावंताच्या यशाची पावतीच होय. तथापि साहित्याच्या अभ्यासकांनी व शिक्षकांनी या समजुतीपाशीच थांबणे आम्हांस योग्य वाटत नाही. कादंबरीकार वर्णनाने जे साधतो, ते चित्रपटात हा कलावंत माती, लाकूड व कापड यांच्या साहाय्याने साधत असतो. आणि या कलेचा एक मोठा अध्याय आपल्याच भाषेच्या प्रदेशात, कोल्हापूर व पुणे या दोन नगरांत, लिहिला गेला आहे. त्या अध्यायाचे प्रमुख कर्ते म्हणजे 'प्रभात फिल्म कंपनी'चे कलादिग्दर्शक शेख फत्तेलाल, ज्यांना सारे चित्रपटविश्व 'साहेबमामा' म्हणून ओळखत असे. त्यांच्या कार्याच्या आधारे या कलेचे स्वरूप उलगडून दाखवावे, हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

प्रथम शब्दांचा विचार करू. संस्कृत नाट्यशास्त्रात 'नेपथ्य' म्हणजे पडद्यामागील वेषभूषेची जागा, आणि पुढे स्वतः वेषभूषाही. मराठी रंगभूमीने हा शब्द घेतला व त्याचा अर्थ हळूहळू पालटून 'रंगमंचावरील देखावा' असा रूढ केला. चित्रपट आल्यावर देखावे रचणाऱ्यास 'कलादिग्दर्शक' म्हणू लागले. अलीकडे 'प्रॉडक्शन डिझायनर' ही संज्ञाही ऐकू येते. 'गॉन विथ द विंड' (१९३९) या अमेरिकन चित्रपटात विल्यम कॅमेरॉन मेंझीस यांच्या कामगिरीसाठी ती प्रथम योजली गेली. केवळ भिंती उभारणे एवढेच त्यांचे काम नव्हते. चित्रपटाचे दृश्यरूप आरंभापासून अखेरपर्यंत एका सूत्रात ओवणे, कोणत्या प्रसंगात कोणता रंग व कोणता अवकाश असावा हे ठरविणे, ही सारी जबाबदारी त्यांनी उचलली होती. आपल्याकडे ही संज्ञा येण्यापूर्वीच ती जबाबदारी उचलणारी माणसे होती, हे पुढे दिसेलच.

हे काम चालते कसे? कलादिग्दर्शक कथा वाचतो ती एका निराळ्या दृष्टीने. 'तो घरात शिरला' हे वाक्य लेखकाला पुरेसे असते. कलादिग्दर्शकाला मात्र दार किती उंचीचे, माणूस वाकून शिरला की ताठ, उंबरठा दगडी की लाकडी, दाराशी चपला काढण्याची जागा कोठे, चूल दिसते की आडोशाला आहे, अशा शेकडो प्रश्नांची उत्तरे द्यावी लागतात. ती उत्तरे तो आधी रेखाचित्रांत मांडतो. मग मोजमापाचा आराखडा तयार होतो. कधी लहानशी प्रतिकृती करून पाहिली जाते. त्यानंतर सुतार, गवंडी, रंगारी, मूर्तिकार यांची फौज कामाला लागते. लाकडी चौकटीवर तरट ताणून त्यावर लेप दिला की दगडी भिंतीचा भास होतो. पण तो भास टिकण्यासाठी भिंतीला वापराच्या खुणा लागतात. चुलीमागची भिंत काजळलेली हवी, पाठ टेकण्याच्या जागी रंग गुळगुळीत झालेला हवा. शेवटी घरात वस्तू मांडल्या जातात. चित्रीकरण संपले की हे सारे मोडले जाते व तेच लाकूड दुसऱ्या घरासाठी वापरले जाते. मूर्तिकाराची मूर्ती उरते, चित्रकाराचे चित्र उरते. या कलावंताच्या वाट्याला मात्र केवळ छायाच उरते.

रंगभूमीच्या देखाव्याहून हे काम मूलतः भिन्न आहे. नाटकाचा प्रेक्षक एकाच जागी बसून समोर पाहतो. त्याच्यासाठी पडद्यावर यथार्थदर्शनाच्या नियमांनी रंगविलेला राजवाडा चालतो, कारण प्रेक्षक आपल्या कल्पनेने उरलेले पुरे करून घेतो. कॅमेरा मात्र जागा सोडतो, जवळ जातो, वळतो. आणि त्याच्या डोळ्यापुढे रंगविलेला खांब क्षणात सपाट ठरतो. शिवाय जुन्या काळच्या फिल्मवर तांबडा रंग जवळजवळ काळा उमटत असे. म्हणजे कलादिग्दर्शकाला डोळ्याला दिसणारा रंग विसरून करड्या छटांच्या भाषेत विचार करावा लागे. बोलपट आल्यावर आणखी एक अडचण उपस्थित झाली. आरंभीच्या काळात ध्वनिग्राहक यंत्र दृश्यातच कोठेतरी दडवावे लागे. तेव्हा खांब, झाड किंवा कमान केवळ शोभेसाठी न राहता ते यंत्र लपविण्याच्याही उपयोगी पडे.

पडद्यापासून भिंतीपर्यंतचा हा प्रवास मराठी मुलखात घडला तो कोल्हापुरात. राजर्षी शाहू महाराजांच्या आश्रयाने तेथे संगीत, कुस्ती व नाटक यांबरोबर चित्रकलाही बहरली होती. आबालाल रहिमान यांच्यासारखा थोर चित्रकार त्या नगरीत नांदत होता. आनंदराव व बाबूराव हे मिस्त्री घराण्यातील चुलत बंधू संगीत नाटक मंडळ्यांसाठी पडदे रंगवीत, आणि त्यांच्या पडद्यांची कीर्ती एवढी की 'पेंटर' हेच त्यांचे आडनाव होऊन बसले. दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) या चित्रपटाने भारावलेल्या कोल्हापूरच्या या कारागिरांनी स्वतःच चित्रपटाचा कॅमेरा बनविण्याचा ध्यास घेतला. १९१६ साली आनंदरावांचा अकाली मृत्यू झाला. बाबूरावांनी ते काम तडीस नेले व 'महाराष्ट्र फिल्म कंपनी' उभी केली. १९२० साली त्यांचा 'सैरंध्री' प्रकट झाला.

शेख फत्तेलाल यांचा जन्म १८८६ साली कोल्हापूरजवळच्या कागल येथे झाला. आनंदराव पेंटर यांच्या हाताखाली ते चित्रकला शिकले. तेथेच पेणहून आलेल्या विष्णुपंत दामले यांची व त्यांची गाठ पडली. दामले वयाने सहा वर्षांनी लहान, यंत्रात रमणारे; फत्तेलाल रंगरेषेत रमणारे. कॅमेरा बनविण्याच्या खटपटीत दोघेही होते, आणि पुढे महाराष्ट्र फिल्म कंपनीत दोघांनीही उमेदवारी केली. अशा रीतीने जुळलेली ही जोडी १९४५ साली दामल्यांच्या निधनापर्यंत अभंग राहिली. चित्रपटसृष्टीत 'दामले-फत्तेलाल' हे एकच नाव असावे असा उच्चार होई, तो यामुळेच.

बाबूराव पेंटरांपाशी फत्तेलालांनी काय घेतले, हे समजण्यास 'सावकारी पाश' (१९२५) या मूकपटाचे उदाहरण पुरेसे आहे. ना. ह. आपटे यांच्या कथेवरील या चित्रपटात कर्जात बुडालेल्या शेतकऱ्याची झोपडी दाखवायची होती. ज्या हातांनी संगीत नाटकांचे झगझगीत महाल रंगविले त्याच हातांनी दैन्याची झोपडी उभारली. बाबूरावांनी रंगविलेले पडदे दूर सारले व माणूस ज्यांतून चालू शकेल, ज्यांना टेकू शकेल असे घडीव देखावे रूढ केले. चित्रकाराचा डोळा व गवंड्याचा हात यांचा असा संगम ज्या कार्यशाळेत झाला, तिचे फत्तेलाल हे विद्यार्थी होते. १९२८ साली दामले व फत्तेलाल यांनी तेथेच 'महारथी कर्ण' हा चित्रपट दिग्दर्शित केला.

१ जून १९२९ रोजी विष्णुपंत दामले, शेख फत्तेलाल, व्ही. शांताराम, केशवराव धायबर व सीतारामपंत कुलकर्णी यांनी कोल्हापुरात 'प्रभात फिल्म कंपनी' स्थापन केली. कामाची वाटणी स्वभावधर्माप्रमाणे झाली : शांतारामांकडे दिग्दर्शन, धायबरांकडे छायालेखन, दामल्यांकडे ध्वनी व यंत्रे, कुलकर्ण्यांकडे अर्थव्यवहार, आणि फत्तेलालांकडे कला-विभाग. १९३२ साली प्रभातचा पहिला बोलपट 'अयोध्येचा राजा' आला. त्यातील राजवाड्यांचे भव्य सोपान व खांब पाहिले म्हणजे नाटकी पडद्यापासून ही मंडळी किती दूर आली होती याची कल्पना येते. १९३३ साली कंपनी पुण्यास आली. पुण्यातील प्रशस्त चित्रीकरणगृह, बाहेरचे मोकळे आवार व तळे यांमुळे फत्तेलालांच्या कल्पनेला हवा तेवढा अवकाश लाभला. तेथील पहिलाच चित्रपट 'अमृतमंथन' (१९३४) हाही ना. ह. आपटे यांच्या 'भाग्यश्री' या कादंबरीवर आधारलेला. नरबळीच्या प्रथेचे समर्थन करणारा राजगुरू, देवीचे गूढ मंदिर, मशालींच्या उजेडात भिंतींवर हलणाऱ्या सावल्या, यांतून जे भय निर्माण होते ते संवादांतून होत नाही. ती भीती दगडातून व अंधारातून झिरपते. जर्मनीचा प्रवास करून आलेल्या शांतारामांच्या दृष्टीला फत्तेलालांच्या मंदिराची जोड मिळाली नसती, तर ती दृष्टी निराधार राहिली असती.

एवढ्यावर फत्तेलाल थांबले असते तरी एक कुशल देखावेकार म्हणून त्यांचे नाव राहिले असते. परंतु त्यांचे खरे मोठेपण आम्हांस दिसते ते राजवाड्यांत नव्हे, तर 'संत तुकाराम' (१९३६) या चित्रपटातील देहूच्या घरात. हा चित्रपट दामले व फत्तेलाल या दोघांनी दिग्दर्शित केला. कथा-संवाद शिवराम वाशीकर यांचे, गीते शांताराम आठवले यांची, संगीत केशवराव भोळे यांचे. विष्णुपंत पागनीस तुकोबा झाले व गौरी यांनी जिजाई साकारली. मुंबईत हा चित्रपट एका वर्षाहून अधिक काळ चालला, आणि १९३७ साली व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात त्याची वाखाणणी झाली.

संतपट काढणाऱ्यापुढे एक मोठा मोह असतो. संत म्हटला की तेजोवलय, देऊळ म्हटले की सोन्याचे कळस, आणि गरिबी म्हटली की स्वच्छ फाटकी वस्त्रे! 'संत तुकाराम'ने हा मोह कटाक्षाने टाळला. तेथे चूल पेटविणे, म्हशीची उसाभर करणे, रानात बसलेल्या नवऱ्यासाठी भाकरी घेऊन जाणे हीच जिजाईची खरी कथा आहे. तुकोबा विठ्ठलाचे, पण घर जिजाईचे. त्या घरात शिरताना प्रेक्षकाला कोठेही आपण देखावा पाहत आहोत असे वाटत नाही. मावळातील एखाद्या कुणब्याच्या घरी आपण उंबरठ्याशी उभे आहोत असेच वाटते. आणि म्हणूनच चित्रपटातील चमत्कारही पटतात. इंद्रायणीतून वह्या वर येतात, शेवटी विमान येते; पण ते एका खऱ्याखुऱ्या, धुराने काळवंडलेल्या जगात घडते. भिंतीवर आधी विश्वास बसला म्हणून आकाशावर बसला. चमत्काराचे दृश्य रचणे हे यंत्राचे व कौशल्याचे काम; परंतु चमत्काराला पाय टेकण्यास भूमी देणे हे कलादिग्दर्शकाचे काम होय.

याच चित्रपटाच्या गीतांविषयी सांगितली जाणारी एक गोष्ट येथे आठवते. आठवले यांनी तुकोबांच्या मुखी घातलेले एक गीत इतके तुकोबांच्या वळणाचे उतरले की जाणकारांनाही ते गाथेतलेच वाटले, असे म्हणतात. कवीने तुकोबांची भाषा आत्मसात केली तेव्हाच त्याला तुकोबांचे वाटेल असे नवे लिहिता आले. फत्तेलालांनी हेच घरांच्या बाबतीत केले. सतराव्या शतकातील देहूचे छायाचित्र कोणापाशी असणार? जे नव्हते ते त्यांना रचावयाचे होते, आणि रचलेले असूनही ते पूर्वापार असल्यासारखे वाटावयास हवे होते. खेड्यातील माणूस कोठे बसतो, कोठे निजतो, काय टांगतो व काय झाकतो, याचे व्याकरण ज्याला अवगत आहे त्यालाच असे नवे वाक्य रचता येते. आज मराठी माणूस डोळे मिटून तुकोबांचे घर आठवू लागला, तर पुष्कळदा त्याच्यापुढे हेच घर उभे राहते.

पुढच्याच वर्षी आलेल्या 'कुंकू' (१९३७) मध्ये हीच दृष्टी शहरी मध्यमवर्गीय घराकडे वळली. आपट्यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरील हा चित्रपट शांतारामांनी दिग्दर्शित केला. वृद्ध वकिलाशी फसवून लग्न लावून दिलेल्या तरुणीची ही कथा. त्या घरातील जुने घड्याळ व आरसा या वस्तू शोभेच्या नाहीत. म्हाताऱ्याच्या सरत चाललेल्या आयुष्याविषयी घड्याळ जे बोलते, ते कोणतेही पात्र बोलत नाही. या चित्रपटाला पार्श्वसंगीत नाही. दैनंदिन ध्वनींवरच सारे निभावले आहे. म्हणजे दामल्यांचा ध्वनी व फत्तेलालांच्या वस्तू यांवर केवढा भार पडला असेल याची कल्पना करावी. 'माणूस' (१९३९) मधील वेश्यावस्तीची गल्ली, आणि 'शेजारी' (१९४१) मधील पाटील व मिर्झा या दोन मित्रांचे गाव व त्यावर कोसळणारे धरण, ही पुढची उदाहरणे. महाल, मंदिर, झोपडी, वाडा, गल्ली, गाव : मराठी माणसाच्या वस्तीचे बहुतेक प्रकार प्रभातच्या त्या आवारात एकामागून एक उभे राहिले आणि मोडले गेले. दामल्यांसह फत्तेलालांनी 'गोपालकृष्ण' (१९३८), 'संत ज्ञानेश्वर' (१९४०) हे चित्रपटही दिग्दर्शित केले.

कागलच्या एका मुसलमान कुटुंबात जन्मलेल्या कलावंताने देहूचे घर, आळंदी व गोकुळ उभारावे, याचे काहींना आज नवल वाटते. आम्हां सीमेवरच्या लोकांना ते तितकेसे वाटत नाही. खटकचिंचोळी हे आमचे गाव बीदर जिल्ह्याच्या भालकी तालुक्यात आहे. १९५६ साली हैदराबाद संस्थानाच्या भूभागाची भाषावार विभागणी झाली तेव्हा हा प्रदेश त्या वेळच्या म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात, गेला. मराठी, कन्नड, उर्दू अशा तीन भाषा येथील बाजारात एकाच वेळी ऐकू येतात. बीदरच्या काळ्या धातूवर चांदीची वेलबुट्टी जडविणारे कारागीर असोत की गावातील घर बांधणारे गवंडी असोत, घर कोणाचे व हात कोणाचे हा हिशेब येथे कधी सरळ नव्हता. फत्तेलालांना ते घर परके नव्हते, कारण त्यांनी ते धर्मग्रंथांतून नव्हे, तर शेजारातून जाणले होते. चूल, जाते, रांजण व घोंगडी यांना शेजारधर्माखेरीज दुसरा धर्म नसतो.

प्रभातचे वैभव फार काळ टिकले नाही. १९४२ साली शांताराम बाहेर पडले, १९४५ साली दामले निवर्तले, आणि १९५० नंतरच्या काही वर्षांतच कंपनीचे काम थांबले. फत्तेलालांनी १९५५ साली 'जगद्गुरू शंकराचार्य' हा चित्रपट दिग्दर्शित केला. १९६४ साली ते निधन पावले. प्रभातच्या पुण्यातील आवारात १९६० साली केंद्र सरकारने चित्रपट-शिक्षणाची संस्था स्थापन केली, व आज तेथे कलादिग्दर्शन हा स्वतंत्र अभ्यासविषय शिकविला जातो. कागलच्या कलावंताने जी विद्या गुरूच्या हाताखाली रंग कालवून मिळविली, तिला त्याच्याच अंगणात अभ्यासक्रमाचे रूप मिळाले, ही समाधानाची गोष्ट आहे. असमाधानाची गोष्ट ही की कोल्हापूरच्या मूकपटांपैकी बहुतेक आता उपलब्ध नाहीत. घर मोडले तरी छाया उरते, असे आम्ही वर म्हटले. पण फिल्म जपली नाही तर छायाही उरत नाही.

फत्तेलालांनंतर ही परंपरा खंडित झाली नाही. चित्रकार मु. रा. आचरेकर यांनी 'आवारा' (१९५१) मधील स्वप्नदृश्याचे नेपथ्य उभारले. दापोलीत जन्मलेले नितीन चंद्रकांत देसाई यांनी 'लगान' (२००१) साठी कच्छच्या उजाड भूमीवर एक संपूर्ण गाव वसविले. कलादिग्दर्शनाचे राष्ट्रीय पारितोषिक त्यांना चार वेळा मिळाले. २०२३ साली त्यांचा अंत झाला.

इतर देशांतही हीच वाट दिसते. मेक्सिकोच्या चित्रपटाचा सुवर्णकाळ आपल्या प्रभातयुगाच्या थोडा नंतरचा. त्या काळात गुंथर गेर्झो या चित्रकाराने 'सांता' (१९४३) पासून १९६२ पर्यंत सुमारे दीडशे चित्रपटांचे देखावे उभारले, आणि मग ते काम सोडून केवळ चित्रकलेस वाहून घेतले. त्यांच्या अमूर्त चित्रांतही एकावर एक ठेवलेल्या भिंतींचा भास होतो. त्याच देशातील युहेनियो काबायेरो यांना 'पॅन्स लॅबिरिंथ' या चित्रपटासाठी २००७ साली ऑस्कर पारितोषिक मिळाले. पण आम्हांस त्यांचे 'रोमा' (२०१८) मधील काम अधिक जवळचे वाटते. दिग्दर्शक आल्फोन्सो क्वारोन यांचे बालपणीचे घर त्यांनी आठवणींच्या आधारे पुन्हा उभे केले, आणि त्यासाठी नातलगांकडे विखुरलेले जुने सामान गोळा केले. अद्भुत चक्रव्यूह रचणाऱ्या कलावंताला एका साध्या घरासाठी खुर्च्या व पलंग शोधीत हिंडावे लागले! महालाकडून घराकडे येणारी जी वाट फत्तेलालांनी चोखाळली, तिच्यावर दूरदेशीचा हा प्रवासी भेटावा, हा योगायोग नव्हे. घर हे सर्वांत अवघड नेपथ्य आहे, कारण त्यातील चूक प्रत्येक प्रेक्षकाला कळते.

ही चूक आम्ही स्वतः केली आहे. काही वर्षांपूर्वी शाळेच्या स्नेहसंमेलनात विद्यार्थ्यांनी तुकोबांच्या जीवनावरील एक प्रवेश बसविला होता. आम्ही भाड्याने पडदा आणला. त्यावर कमानी, झुंबर व कारंजे होते. प्रवेश रंगला, टाळ्याही पडल्या, पण पुढे बसलेल्या एका वृद्धेने आम्हांस विचारले, "गुरुजी, समदं ब्येस झालं, पर आवलीची चूल कुठं हाय?" या प्रश्नाला आमच्यापाशी उत्तर नव्हते. पुढील वर्षी आम्ही पडदा आणला नाही. तट्ट्यांना माती-शेणाने सारवून दोन भिंती केल्या, आणि मुलांना आपापल्या घरून जुन्या वस्तू आणण्यास सांगितले. पाटा-वरवंटा, सूप, दुरडी, काटवट, शिंके, घोंगडी, जात्याचा खुंटा अशा पंचवीस-तीस वस्तू जमल्या. मग एक निराळीच अडचण उघडकीस आली. बहुतेक मुलांना वस्तू ठाऊक होत्या, पण त्यांची नावे ठाऊक नव्हती. काहींना कन्नड नाव येत होते, काहींना उर्दू, आणि कित्येकांना कोणतेच नाही. ढेलज, माळवद, बळद, देवळी हे शब्द त्यांनी पुस्तकात वाचले नव्हते आणि घरीही ऐकले नव्हते, कारण ती घरेच आता राहिली नाहीत. त्या दोन मातीच्या भिंतींपुढे आमच्या मुलांनी जेवढे मराठी शब्द आठवडाभरात आत्मसात केले, तेवढे आम्ही वर्षभरात शिकवू शकलो नव्हतो.

म्हणून अकादमीच्या सभासदांपुढे व शिक्षकबंधूंपुढे आमचे एवढेच निवेदन आहे. कोशकार शब्द जतन करतो; पण वस्तू गेली की कोशातील शब्द निराधार होतो. कलादिग्दर्शक वस्तू जागच्या जागी, वापरात असलेल्या व माणसांच्या हातांतल्या दाखवितो. 'संत तुकाराम', 'कुंकू', 'शेजारी' हे चित्रपट या दृष्टीने मराठी संसाराचे सचित्र कोश होत. त्यांचा उपयोग वर्गात व्हावा. चित्रपट दाखवावा, एखाद्या प्रसंगापाशी थांबावे, आणि मुलांना विचारावे : येथे काय काय आहे, त्याला तुमच्या घरी काय म्हणतात, तुमच्या आजीच्या घरी काय म्हणत? जो शब्द मिळेल तो वहीत टिपावा. सीमाभागातील शाळांत तर या कामाला विलंब लावून चालणार नाही. ज्यांना ते शब्द येतात त्या वृद्धांची संख्या दरसाल घटत आहे.

साहेबमामा फत्तेलालांनी उभारलेले घर चित्रीकरण संपताच मोडले असेल. त्याचे लाकूड पुढच्या कोणत्या महालाला लागले हे कोण सांगणार? तरीही त्या घरात आजही चूल पेटते आणि जिजाई नवऱ्यावर रागावते. आम्हां शिक्षकांचे काम एवढेच की ती चूल पाहणाऱ्या मुलाला तिच्या वैलाला 'वैल' म्हणता यावे.